जर्मन ऑडिओची ट्रान्स्क्रिप्ट केव्हा उघडावी: नवशिक्यांसाठी श्रवणाच्या सरावाची पद्धत

जर्मन नुकतेच शिकू लागलेल्या विद्यार्थ्याला ऑडिओबरोबर त्याची ट्रान्स्क्रिप्ट, म्हणजे त्यातले संभाषण शब्दशः उतरवलेला कागद, मिळाली की तो बहुधा आधी कागद वाचतो आणि मग ऑडिओ लावतो. अशा वेळी सगळे समजते, पण ते कानाला समजलेले नसते; डोळ्यांनी आधीच वाचून ठेवलेले असते. मी स्वतः पहिले सात-आठ महिने हेच केले. बडोद्यातल्या सयाजीगंजातल्या एका दुकानातून ट्रान्स्क्रिप्टच्या झेरॉक्स प्रती काढून, त्यांना स्पायरल बाइंडिंग करून, येता-जाता बसमध्ये वाचत असे, आणि वाचनाच्या चाचणीत गुणही चांगले पडत. पुढे नोकरीत एका जर्मन सहकाऱ्याचा फोन आला. बोलणे संपवताना ते काहीतरी ‘वीडाह्योअन’ असे एका दमात म्हणाले. त्यातले ‘ह्योरन’, म्हणजे ऐकणे, एवढेच मला ओळखता आले आणि ते मला पुन्हा ऐकायला सांगत आहेत अशा समजुतीने मी फोन कानाला लावून तसाच थांबलो. त्यांनी फोन कधीच ठेवला होता. समोरासमोर ‘आउफ वीडरझेएन’ म्हणजे ‘पुन्हा भेटू’ म्हणतात, तसे फोनवर ‘आउफ वीडरह्योरन’ म्हणतात. हा शब्द माझ्या बाइंडिंगमध्ये अर्थासह पिवळ्या शाईने रंगवलेला होता.

माझी भाची नर्सिंग शिकते आणि जर्मनीला जाण्याच्या तयारीत आहे. तिचा अभ्यास घेताना दांडिया बाजारातल्या आमच्या घरी गेल्या वर्षभरात जी पद्धत हळूहळू बसत गेली, ती येथे क्रमाने देत आहे. तिचे सूत्र इतकेच आहे की ट्रान्स्क्रिप्ट हा धडा नसून उत्तरपत्रिका आहे, आणि उत्तरपत्रिका आधी पेपर लिहून झाल्यावर उघडायची असते.

ऑडिओ कोणता घ्यावा

सुरुवातीचा ऑडिओ एक ते दीड मिनिटाचा असावा, त्यात दोनच माणसे बोलत असावीत आणि त्याची ट्रान्स्क्रिप्ट माणसाने तयार केलेली असावी. भाषाज्ञानाच्या सहा युरोपीय पातळ्यांपैकी ए-१ ही पहिली आहे. ज्या ऑडिओवर पातळी लिहिलेली नाही तो नवशिक्याने तूर्त बाजूला ठेवलेला बरा. दोयचे वेले ही जर्मनीची आंतरराष्ट्रीय प्रसारण संस्था ए-१ पासूनचे अभ्यासक्रम मोफत देते आणि त्यांतल्या पाठांबरोबर संभाषणाचा मजकूरही मिळतो. गोएथे इन्स्टिट्यूट, जिला भारतात आपण मॅक्स म्युलर भवन म्हणून ओळखतो, ए-१ परीक्षेच्या नमुना प्रश्नपत्रिका मोफत देते आणि त्यांत श्रवणभागाचा मजकूरही छापलेला असतो. ज्यांच्याकडे अभ्यासक्रमाचे पुस्तक आहे त्यांनी त्याची शेवटची पाने चाळून पाहावीत, कारण पुष्कळदा ट्रान्स्क्रिप्ट तेथेच बारीक टायपात दडलेली असते.

येथे दोन खड्डे आहेत. पहिला म्हणजे सावकाश वाचलेल्या जर्मन बातम्या. त्या शब्द न शब्द मजकुरासह मिळतात आणि ‘सावकाश’ या शब्दाला भुलून नवशिके त्यांच्याकडे वळतात. परंतु त्या वरच्या पातळीच्या विद्यार्थ्यांसाठी असतात आणि संसद, व्याजदर, शस्त्रसंधी यांची शब्दसंपत्ती वेग कमी केल्याने सोपी होत नाही. दुसरा खड्डा व्हिडिओखाली आपोआप उमटणाऱ्या मजकुराचा. यंत्राने उतरवलेला मजकूर बराचसा बरोबर असतो, आणि म्हणूनच तो नवशिक्याला धोक्याचा आहे, कारण चुकलेला शब्द कोणता हे ओळखण्याइतकी भाषा त्याला अजून आलेली नसते. माणसांची व गावांची नावे आणि ‘द्रायत्सेन’ म्हणजे तेरा व ‘द्रायसिश’ म्हणजे तीस अशा जोड्या यांत तो हमखास तपासून घ्यावा लागतो. जिला उत्तरपत्रिका मानायचे तीच चुकीची असेल तर सगळा सरावच वाया जातो.

पहिले ऐकणे, कागदाशिवाय

ऑडिओ दोनदा सलग ऐकावा आणि कोण बोलत आहे, कोठे बोलत आहे, त्याला काय हवे आहे, एवढ्या तीन प्रश्नांची उत्तरे मराठीत एकेका ओळीत लिहावीत. आकडे कानावर पडले तर तेही टिपावेत. येथे थांबवून-थांबवून ऐकू नये. बडोद्याच्या स्टेशनवर घोषणा गुजराती, हिंदी आणि इंग्रजीत होतात, स्पीकर खरखरत असतो, शेजारी चहावाला ओरडत असतो, तरी आपल्या गाडीचा फलाट आपल्याला कळतो, कारण घोषणेत कोणत्या क्रमाने काय येणार हे ठाऊक असते आणि कान नेमका फलाटाच्या आकड्याची वाट पाहत असतो. प्रश्न मनात धरून ऐकण्याची हीच सवय जर्मन ऑडिओला लावायची आहे. एकही उत्तर मिळाले नाही तर ऑडिओ अवघड आहे असे समजून खुशाल बदलावा. त्यात कमीपणा नाही.

ऐकलेले देवनागरीत उतरवणे

यानंतर एकेक वाक्य थांबवून, तीनपेक्षा जास्त वेळा न ऐकता, जसे ऐकू येईल तसे देवनागरीत लिहावे. रोमन लिपीत लिहू नये, असा माझा आग्रह आहे. रोमन अक्षरे लिहायला घेतली की हात आपोआप इंग्रजी स्पेलिंगकडे जातो आणि कानाने काय टिपले याचा पुरावाच नष्ट होतो. देवनागरीत मात्र ऐकलेला ध्वनी आहे तसा कागदावर येतो, भले तो चुकीचा का असेना. अर्थ कळला नाही तरी ध्वनी लिहावा, आणि तोही कळला नाही तर तेवढी जागा रिकामी सोडून पुढे जावे. काही महिन्यांनी ही कुबडी सोडून द्यायची आहे, कारण डोक्यावर दोन टिंबे असणारे जर्मन स्वर देवनागरीत धड बसत नाहीत. ‘यो’ आणि ‘यु’ अशी तडजोड करावी लागते. पण पहिल्या काही महिन्यांत हिच्याइतका स्वस्त आरसा दुसरा नाही.

एक उदाहरण जवळून पाहू. पुढचे संभाषण भाचीच्या सरावासाठी मीच रचले होते आणि जर्मन येणाऱ्या एका मित्राकडून नेहमीच्या वेगात वाचून घेतले होते. प्रवासी आणि खिडकीवरचा कर्मचारी यांच्यातले ते बोलणे सुटे-सुटे उच्चारले तर असे आहे:

एन्टशुल्डिगुंग, वान फेअर्ट डेअर त्सूक नाख क्योल्न?
उम हाल्प फीअर, फोन ग्लाइस आख्ट.
डान हाबन वीअर नोख त्साइट. वास कॉस्टेट डी फारकार्टे?
फ्युन्फउन्टफिर्त्सिश ऑयरो.
उन्ट वान कॉम्ट एअर इन क्योल्न आन?
उम झीबन.

‘माफ करा, कोलोनची गाडी केव्हा सुटते?’ ‘साडेतीनला, आठ नंबरच्या फलाटावरून.’ ‘मग आपल्याला अजून वेळ आहे. तिकीट कितीला?’ ‘पंचेचाळीस युरो.’ ‘आणि ती कोलोनला केव्हा पोहोचते?’ ‘सातला.’

भाचीच्या वहीत गाडी साडेचारला सुटली होती, तिकीट ५४ युरोचे झाले होते, तिसऱ्या ओळीत ‘डान हाम्वा नोख साइट’ असे लिहिले होते आणि ‘ग्लाइसाख्ट’ हा एकच शब्द समजून त्याचा अर्थ विचारण्यासाठी तिने खाली रेघ मारली होती.

कागद उघडल्यावर

आता ट्रान्स्क्रिप्ट उघडावी. ती मोठ्या टायपात, दोन ओळींत भरपूर जागा सोडून छापून घ्यावी आणि पेन्सिलीने आपल्या वहीशी शब्दाशब्दाला ताडून पाहावी. येथे घाई करू नये. सगळ्या पद्धतीत सर्वांत जास्त वेळ याच पायरीला द्यायचा आहे. चुकांची नुसती संख्या मोजून उपयोग नाही, प्रत्येक चूक कशामुळे झाली ते ठरवायला हवे, आणि त्यासाठी मी चार खुणा वापरतो.

शब्द पूर्वी कधी भेटलाच नव्हता, तर त्याखाली टिंब द्यावे. ही सर्वांत साधी चूक आहे. शब्दकोश पाहिला की ती मिटते आणि तिचे वाईट वाटून घेण्याचे कारण नाही.

शब्द माहीत होता, छापलेला दिसल्यावर ‘अरे, हा तर मला येतो’ असे वाटले, पण ऐकताना ओळखला गेला नाही, तर त्याभोवती वर्तुळ काढावे. भाचीचा ‘त्साइट’ म्हणजे वेळ हा शब्द असा होता. तिने तो ‘साइट’ ऐकला आणि इंग्रजीतली बांधकामाची साइट डोळ्यांसमोर आणली. माझा ‘वीडरह्योरन’ही याच जातीचा. ही वर्तुळे हेच ट्रान्स्क्रिप्टचे खरे देणे आहे, कारण शब्दांची यादी, व्याकरणाचे पुस्तक किंवा वर्गातला फळा यांपैकी कशातूनही ती सापडत नाहीत. लहानपणी नुसत्या ऐकून पाठ झालेल्या आरतीत आपण एखादा भलताच शब्द वर्षानुवर्षे मोठ्याने म्हणत होतो, हे आरतीसंग्रह हाती आल्यावरच कळते, तसेच हे आहे.

दोन शब्द एकमेकांत मिसळले किंवा मधला एखादा गिळला गेला, तर त्यांच्यावर कमान काढावी. नेहमीच्या बोलण्यात ‘हाबन वीअर’चे ‘हाम्वा’ होते, ‘हास्ट डू’चे ‘हास्टू’ होते आणि ‘आइनन’ कधीकधी नुसता ‘नन’ उरतो. आपणही ‘काय करतोस’चे ‘काय करतोयस’ आणि मग ‘काकर्तोयस’ करतो, तेव्हा तक्रार करण्यात अर्थ नाही. ‘ग्लाइसाख्ट’ची गोष्ट मात्र उलट आहे. जर्मनमध्ये स्वराने सुरू होणाऱ्या शब्दाआधी घशात एक बारीकसा अडसर बसतो, क्षणभर श्वास अडकून सुटावा तसा. त्यामुळे ‘ग्लाइस’ आणि ‘आख्ट’ जर्मन माणसाला वेगळेच ऐकू येतात. संधी करून बोलण्याची सवय असलेला मराठी कान त्या अडसराकडे लक्षच देत नाही. तो काय आहे हे एकदा कळले आणि तीच ओळ पुन्हा ऐकली, की शब्दांच्या सीमा दिसू लागतात. भाचीला हे पाचव्या वेळी ऐकू आले आणि त्यानंतर तिची अशी चूक क्वचितच झाली.

शेवटची खूण प्रश्नचिन्हाची. सगळे शब्द बरोबर ऐकले आणि तरीही अर्थ चुकला, तर ती द्यावी. ‘हाल्प फीअर’ हे भाचीने अचूक लिहिले होते. ‘हाल्प’ म्हणजे अर्धा आणि ‘फीअर’ म्हणजे चार, म्हणून तिने साडेचार केले; जर्मनमध्ये मात्र चौथा तास अर्धा झाला असा हिशेब असतो, म्हणजे साडेतीन. याची उकल मराठीतच आहे. आपला ‘अडीच’ हा शब्द ‘अर्धतृतीय’ यापासून आला आहे, म्हणजे तिसरा अर्धा. आणि जर्मनमध्ये अडीचला ‘हाल्प द्राय’, म्हणजे अर्धा तीन, असेच म्हणतात. हे सांगितल्यावर तिने पुन्हा घोळ घातला नाही. ‘फीअर्टल फोर द्राय’ हे तर आपले सरळ पावणेतीन आहे.

मराठी कानाला जे आधीच येते

आकड्यांची चूक येथेच निपटून टाकू, कारण ट्रान्स्क्रिप्टमध्ये सर्वांत जास्त खुणा आकड्यांवरच पडतात. ‘फ्युन्फउन्टफिर्त्सिश’ म्हणजे पाच-आणि-चाळीस. इंग्रजी माध्यमात शिकलेली मुले मनात ‘फॉर्टी-फाइव्ह’ असे भाषांतर करतात आणि पाच आधी ऐकल्यामुळे पाचच आधी लिहून ५४ करतात. पण पंचेचाळीस या शब्दातही पाच आधी आणि चाळीस नंतर येतात. एकवीस, बावीस, तेवीस हे सगळे त्याच क्रमाचे आहेत. जर्मन आकडा ऐकताच तो मोठ्याने मराठीत म्हणावा आणि मग लिहावा, म्हणजे घोटाळा थांबतो. अपवाद एकोणतीस, एकोणचाळीस या घरातला: तेथे आपण पुढच्या दशकातून एक उणा करतो आणि जर्मन माणूस ‘नॉयनउन्टत्स्वान्त्सिश’, म्हणजे नऊ-आणि-वीस, असेच म्हणतो.

‘त्साइट’मधल्या ‘त्स’साठीही आपल्याला परदेशी जाण्याची गरज नाही. मराठीत दोन ‘च’ आहेत, चहातला आणि चाकातला. जर्मनमध्ये झेड या अक्षराने लिहिला जाणारा ध्वनी चाकातल्या ‘च’सारखा आहे आणि ‘दोयच’च्या शेवटचा ध्वनी चहातल्या ‘च’सारखा. तसेच शब्दारंभी स्वराआधी येणारा एस हा ‘झाड’मधल्या ‘झ’च्या जवळ जातो. अडचण आमच्या बडोद्याची आहे. गुजरातीत चाकातला ‘च’ नाही, आणि शेजारपाजारी, शाळेत, बाजारात दिवसभर गुजराती बोलणाऱ्या आमच्या मुलांचा मराठी ‘च’ही चहाकडे झुकला आहे. भाचीला मी आजीसमोर बसवून ‘चांदणे’, ‘चमचा’, ‘चाळणी’ म्हणून घेतले. आजीला या वयात जर्मन शिकवल्याचे श्रेय मिळाले.

शब्दांती येणारे ब, ड, ग हे जर्मनमध्ये अनुक्रमे प, ट, क असे कठोर होतात. गाडीला ‘त्सूक’ म्हणतात, पण ट्रान्स्क्रिप्टमध्ये त्याच्या शेवटी ‘ग’चे अक्षर छापलेले दिसेल आणि अनेकवचनात ‘त्स्युगे’ होताच तो ‘ग’ ऐकूही येईल. पहिल्या दहा-बारा ट्रान्स्क्रिप्टमध्ये अशा प्रत्येक अक्षरावर पेन्सिलीने खरा उच्चार लिहून ठेवावा.

‘कॉम्ट एअर इन क्योल्न आन’ या वाक्यातला शेवटचा ‘आन’ भाचीने सोडून दिला होता. ‘आनकॉमन’ म्हणजे पोहोचणे या क्रियापदाचे दोन तुकडे होतात आणि ‘आन’ हा तुकडा वाक्याच्या टोकाला जातो. क्रियापदासाठी वाक्य संपेपर्यंत थांबणे मराठी माणसाला नवे नाही. तेव्हा ऐकताना शेवटचा शब्द कधीही सोडू नये.

कागदासह आणि पुन्हा कागदाशिवाय

खुणा करून झाल्यावर ट्रान्स्क्रिप्टवर बोट फिरवत ऑडिओ ऐकावा. मग ऑडिओच्या मागोमाग, अर्धा शब्द मागे राहून, मोठ्याने बोलावे. येथे उच्चार सुंदर होण्यापेक्षा वेग आणि चढउतार जुळणे महत्त्वाचे आहे. ऑडिओ फार वेगवान वाटत असेल तर प्लेअरवर वेग पाऊणपट करता येतो, परंतु त्याहून खाली जाऊ नये आणि तेही एक-दोनदाच करावे, कारण वेग कमी केल्यावर ध्वनी ताणले जातात आणि ‘हाम्वा’सारखे जोड कानाला भलतेच लागतात. ज्या प्लेअरमध्ये दोन बिंदू ठरवून मधला भाग पुन्हापुन्हा वाजवता येतो तो वापरावा. एका कमानीसाठी सगळा ऑडिओ मागे नेण्यात उत्साह संपतो. शेवटी कागद उपडा ठेवून एकदा संपूर्ण ऐकावे.

दीड मिनिटाच्या ऑडिओला या सगळ्यासह पाऊण तास लागतो. आठवड्यात असे दोन ऑडिओ पुरे आहेत. रोज पाच ऑडिओ ‘ऐकून काढणारे’ विद्यार्थी मी पाहिले आहेत. त्यांच्याकडे फायली बऱ्याच असतात.

वहीत काय ठेवावे

ट्रान्स्क्रिप्टमधला प्रत्येक नवा शब्द वहीत उतरवू नये. एका ऑडिओमागे सहा ते आठ शब्द खूप झाले, आणि त्यांत वर्तुळातले शब्द आधी घ्यावेत. शब्द एकटा न लिहिता तो ज्या वाक्यात ऐकला ते वाक्य लिहावे आणि नामाआधी डेअर, डी किंवा डास या लिंग दाखवणाऱ्या शब्दांपैकी जो असेल तो सोडू नये. जर्मनमध्ये प्रत्येक नामाचे पहिले अक्षर मोठे लिहितात, त्यामुळे छापील मजकुरात नामे एका नजरेत सापडतात. मराठीप्रमाणेच तेथेही तीन लिंगे आहेत, मात्र ती आपल्याशी जुळतील अशी आशा ठेवू नये: आपला सूर्य पुल्लिंगी आहे, जर्मनांची ‘झोने’ स्त्रीलिंगी. मुलगी या अर्थाचा ‘मेटशन’ नपुंसकलिंगी असल्याचे ऐकून पुष्कळांना हसू येते, पण त्या शब्दाच्या शेवटचा ‘शन’ हा लहानपणा दाखवणारा प्रत्यय आहे आणि आपली लेकरू, वासरू, पाखरू ही मंडळीही नपुंसकलिंगीच आहेत.

तोच ऑडिओ दुसऱ्या दिवशी आणि मग आठवड्याने, कागदाशिवाय, पुन्हा ऐकावा. ज्या वर्तुळातला शब्द आता सहज ओळखू येतो ते वर्तुळ खोडून टाकावे. जे तिसऱ्या वेळीही खोडता येत नाही तेवढे वाक्य फोनवर स्वतःच्या आवाजात मुद्रित करून मूळ ऑडिओशी ताडून पाहावे. बहुधा आपण तो शब्द चुकीचा उच्चारत असतो आणि म्हणूनच बरोबर उच्चारलेला ओळखत नाही.

परीक्षा जवळ आल्यावर

ए-१ परीक्षेचा श्रवणभाग सुमारे २० मिनिटांचा असतो. त्यात तीन भाग आणि १५ प्रश्न असतात. पहिल्या आणि तिसऱ्या भागातले ऑडिओ दोनदा ऐकवतात. दुसऱ्या भागातल्या घोषणा, रेल्वे स्टेशन किंवा मोठ्या दुकानात होतात तशा, एकदाच. त्यामुळे सरावातही दुसऱ्या भागाच्या घोषणा एकदाच ऐकून उत्तर नोंदवावे आणि ट्रान्स्क्रिप्ट सगळे प्रश्न सोडवून झाल्यावरच उघडावी. परीक्षेत देवनागरीत उतरवायला वेळ नसतो, म्हणून शेवटच्या महिन्यात ती पायरी वगळून थेट प्रश्न वाचणे, ऐकणे आणि खूण करणे एवढेच ठेवावे. नमुना प्रश्नपत्रिका मोजक्याच असतात आणि एकदा ट्रान्स्क्रिप्ट वाचली की ती प्रश्नपत्रिका चाचणी म्हणून निकामी होते. भाचीची एक प्रश्नपत्रिका मी पाकिटात बंद करून कपाटात ठेवली आहे. परीक्षेच्या आधीच्या रविवारी, पंखा आणि रस्त्याचा आवाज चालू ठेवून, ती आम्ही उघडणार आहोत.